बोरिया-कसनासूरच्या चकमकीविषयी मित्रास पत्र

लोकमान्यनगर, इंदूर

प्रिय वसंतास,
सप्रेम नमस्कार.

गडचिरोली पोलिसांच्या सी-६० या नक्षलविरोधी कमांडो पथकाला तू मागील पत्रात ‘बाहेरून आणलेली फौज’ म्हटलेस, आणि परवा आमच्या कट्ट्यावरही तोच सूर लागला. वस्तुस्थिती उलट आहे. १९९० साली साठ जणांचे हे पथक उभारले गेले, तेव्हा त्यात गोंडी आणि माडिया बोलणारी, जंगलातल्या पायवाटा लहानपणापासून ठाऊक असलेली त्याच जिल्ह्यातील मुले मुद्दाम घेण्यात आली. इंद्रावती नदीपलीकडे छत्तीसगडच्या डीआरजीत (डिस्ट्रिक्ट रिझर्व्ह गार्ड या पोलीस दलात) तर शरण आलेले नक्षलवादीही भरती होतात.

२२ एप्रिल २०१८ रोजी भामरागड तालुक्यात, इंद्रावतीच्या काठी, बोरिया-कसनासूरजवळ माओवाद्यांचा तळ पडला होता. त्यावर सी-६०च्या जवानांनी सकाळीच छापा घातला. पहिल्या दिवशी १६ मृतदेह हाती आले. पुढे नदीच्या पात्रातूनही ते मिळत गेले, आणि दुसऱ्या दिवशीच्या राजाराम खांदला येथील चकमकीसह मृतांची संख्या ४० झाली. पोलिसांपैकी एकही दगावला नाही. अशा मोहिमेत पायी चालणे हीच निम्मी लढाई असते, कारण त्या मुलखात गाडीरस्त्याखाली भूसुरुंग पेरलेला असू शकतो. पुढच्याच वर्षी, १ मे २०१९ रोजी, कुरखेडा तालुक्यात जांभुळखेड्याजवळ खासगी वाहनातून निघालेले शीघ्र कृती दलाचे १५ पोलीस आणि चालक स्फोटात ठार झाले, हे तुला आठवत असेल.

छापा यशस्वी झाला, हे मी मान्य करतो. परंतु तुझ्या पत्रातला विजयोत्सव मला रुचला नाही. मृतांमध्ये गट्टेपल्ली गावची काही तरुण मुले होती. ती नुकतीच दलमात, म्हणजे माओवाद्यांच्या सशस्त्र तुकडीत, भरती झाली होती, असे पोलिसांचे म्हणणे. ती माओवादी नव्हतीच, असे घरच्यांचे. जवान बाहेरचे असते तर हे दुःख त्या मुलखापुरते एका बाजूचेच राहिले असते. इथे मात्र गोळी झाडणारा आणि गोळी लागणारा एकच बोली बोलणारे असू शकतात, आणि चकमक आटोपल्यावर जवानाला सुट्टीत त्याच परिसरातल्या घरी जायचे असते. म्हणून माओवाद्यांच्या सूडाची धास्ती त्याच्या आईबापांच्या वाट्यालाही येते.

एवढे वाचून तुझे मत बदलले नाही, तरी कारणे सविस्तर लिही. दोन ओळींचे कार्ड पाठवून सुटका करून घेऊ नकोस. वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझा,
मनोहर