भीमगीतांचे राजकीय मोल

माननीय संपादक,

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात झालेल्या धम्मदीक्षेचा अर्थ वस्त्यावस्त्यांत पोहोचवण्याचे काम ग्रंथांइतकेच, किंबहुना काकणभर अधिक, भीमगीतांनी केले, कारण अक्षरओळख नसलेल्या आजीलाही ती तोंडपाठ असत. वामनदादा कर्डक (१९२२–२००४) यांच्यासारख्या शाहिरांनी ओळखीच्या चालींत समतेचा विचार गुंफला आणि त्यातूनच एका समाजाला स्वतःची नवी ओळख अभिमानाने गाता आली. पूर्वी दीक्षाभूमीच्या परिसरातून कॅसेटी घरी येत. आता तीच गाणी डीजेवर वाजतात, ठेका वाढतो आणि शब्द हरवतात (कानांचे हाल वेगळेच). निवडणुकीत पक्ष या चाली उचलतात, मात्र त्यांतला जमिनीचा आणि शिक्षणाचा प्रश्न सोयीस्करपणे गाळतात.

एक वाचक, इंदोरा, नागपूर