लिव्हरबर्ड्स कुठे गेल्या?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या पुरवणीतला इंग्लंडमधल्या लिव्हरपूलच्या बीट-संगीतावरचा, म्हणजे साठच्या दशकातल्या गिटार-ड्रमच्या पॉप गाण्यांवरचा लेख वाचला. पानभर बीटल्स. असू द्या, त्याची सवय आहे. पण त्या लाटेत मुलींनी फक्त किंचाळायचं आणि चक्कर येऊन पडायचं, हा शोध आपल्या लेखकमहाशयांनी कुठून लावला? गायिका सिला ब्लॅकला एक ओळ मिळाली, तीही बीटल्स जिथे वाजवायचे त्या कॅव्हर्न क्लबात लोकांचे कोट सांभाळायची म्हणून. 1964 मध्ये तिची दोन गाणी ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर होती, ते राहिलंच.

आणि द लिव्हरबर्ड्स? 1963 मध्ये त्याच गावात चार मुलींनी काढलेला बँड. गिटार, बास, ड्रम सगळं त्याच वाजवायच्या. मुली गिटार वाजवत नसतात, असं बीटल्सच्या जॉन लेननने सुनावल्याची आठवण त्या पुढे सांगत. त्यांची गायिका पॅम बर्च. आवाज खर्जातला, जाड, लाडीकपणाचा मागमूस नाही.

हा आवाज मला नीट ठाऊक आहे. बोटीवर नोकरीला होतो तेव्हा हॅम्बुर्गच्या एका जुन्या दुकानात त्यांची तबकडी मिळाली. घरी मेहुण्यांना ऐकवली. हे आयुष्यभर ऑर्केस्ट्रात अकॉर्डियन वाजवलेले गृहस्थ. म्हणाले, “भावजी, गातोय पुरुष, बायका फोटोपुरत्या.” कव्हर दाखवलं, नावं वाचून दाखवली, पुन्हा लावली. “जर्मन लोक काहीही छापतात,” म्हणून चहा मागितला! एवढं होऊनही पुढे दरवर्षी गणपतीत आले की चारचौघांत “भावजींच्या पुरुषी बायका” म्हणून हसायचे. काल आपला लेख वाचताना मला तेच हसू ऐकू आलं.

मायदेशात नाव झालं नाही, ते हॅम्बुर्गच्या स्टार-क्लब या संगीत-क्लबने दिलं. 1964 मध्ये त्या तिथे गेल्या, दोन एलपी निघाल्या, अमेरिकन गायक बो डिडलीचं ‘डिडली डॅडी’ त्यांच्या आवाजात जर्मनीत पाचव्या क्रमांकापर्यंत चढलं. पॅम स्वतः गाणी रचायची, हेही जाता जाता. 1968 मध्ये जपानच्या दौऱ्यावर गेल्या तेव्हा मूळ चौघींतल्या ती आणि मेरी मॅकग्लोरी एवढ्याच उरल्या होत्या. त्यानंतर बँड संपला. पॅम हॅम्बुर्गलाच राहिली आणि 2009 मध्ये तिथेच वारली. आपल्याकडे तेव्हा दोन ओळीही आल्या नाहीत. आल्या असत्या तर कात्रण काढून मेहुण्यांना पाठवलं असतं.

लेखकाला जागा कमी पडली म्हणावं, तर शेजारी मसाल्याची अर्ध्या पानाची जाहिरात होती. आणि जाहिरातींचाच विषय निघाला म्हणून सांगतो, शब्दकोड्याची उत्तरं सलग दोन रविवार त्यांच्याखाली गडप झाली आहेत. 14 आडवा अजून सुटलेला नाही. निदान तेवढं तरी छापावं.

आपला,
एक जुना वर्गणीदार, रत्नागिरी