चर एकच असू द्या, वीज आणि फायबर शेजारी जाऊ द्या

मा. संपादक यांस,

विषय : किनारपट्टीवरील भूमिगत वीज आणि फायबर केबलची कामे

महोदय,

3 जून 2020 रोजी श्रीवर्धन-दिवेआगरच्या पट्ट्यात निसर्ग चक्रीवादळ आदळले आणि रायगडसह दापोली, मंडणगडकडील कित्येक गावे आठवडेच्या आठवडे अंधारात राहिली. पुढच्याच वर्षी मे महिन्यात तौक्ते वादळ किनाऱ्याला घासून गेले तेव्हा सिंधुदुर्गापासून वर पालघरपर्यंत पुन्हा खांब आडवे झाले. त्यानंतर किनाऱ्यावरची वीज जमिनीखालून न्यावी, याबद्दल कोणाचे दुमत राहिलेले नाही. अलिबाग आणि रत्नागिरी शहरांत चक्रीवादळ धोके निवारणाच्या राष्ट्रीय प्रकल्पातून तशी कामे हाती घेण्यात आली, हे योग्यच झाले. पण गावोगावच्या रस्त्यांच्या साईडपट्ट्यांत आज जी खोदाई चालते ती पाहिली, तर खर्च दुप्पट आणि सुरक्षितता निम्मी, अशी गत होणार की काय, ही शंका येते. दूरसंचार खात्यात केबलच्या कामावर उमेदीची वर्षे काढलेला माणूस म्हणून त्याविषयी थोडे सविस्तर लिहीत आहे.

आमच्या गावाच्या मुख्य रस्त्याला आधी जलजीवन मिशनच्या पाइपसाठी चर मारला गेला. तो बुजतो न बुजतो तोच त्याच बाजूला फायबरचा चर आला आणि आता विजेच्या भूमिगत केबलसाठी आखणी चालू आहे. तिन्ही कामांचे खाते वेगळे, ठेकेदार वेगळे, अंदाजपत्रके वेगळी. फायबरच्या ठेकेदाराने कातळ लागला तिथे दीड फुटावरच खोदाई आटोपती घेतली. पहिल्याच पावसात माती वाहून गेली आणि नळी रस्त्याच्या कडेला उघडी पडली. त्यावरून आता गाड्या जातात. बुजवलेली साईडपट्टी खचून दुचाक्या घसरतात, ते वेगळेच.

कोकणात केबल टाकण्याचा मोठा खर्च केबलचा नसतो, कातळ फोडण्याचा असतो. घाटावरच्या मातीत जेसीबी एका दिवसात जेवढे अंतर सहज कापतो, तेवढ्याच अंतराला जांभ्याच्या सड्यावर ब्रेकर लावून किती दिवस जातील याचा नेम नसतो. त्यात पऱ्या, साकव, गडगे आणि अरुंद पाखाड्या. म्हणून ठेकेदार खोली मारतो, आणि मारलेली खोली पुढे अपघाताच्या किंवा वारंवार होणाऱ्या दुरुस्तीच्या रूपाने गावाच्या वाट्याला येते. अशा ठिकाणी तोच कातळ तीनदा फोडणे परवडत नाही. विजेसाठी एकदा पुरेसा रुंद आणि खोल चर उघडला, तर त्यात 40 मिलिमीटरची एचडीपीईची, म्हणजे टणक प्लॅस्टिकची, रिकामी नळी टाकून ठेवायला एकूण कामाच्या मानाने किरकोळ खर्च येतो. फायबर आज मंजूर नसले तरी चालेल. मंजूर होईल तेव्हा ते हवेच्या दाबाने त्या नळीतून पुढे सरकवता येते, रस्त्याला हात लावावा लागत नाही.

‘वीज आणि फायबर एकाच चरात? धोका नाही का?’ असा प्रश्न ग्रामसभेत हमखास येतो आणि तो रास्त आहे. फायबर म्हणजे काचेचा तंतू. त्यातून प्रकाश जातो, वीज जात नाही. धोका असतो तो केबलच्या धातूच्या कवचाचा. पोलादी पट्टीचे कवच असलेली फायबर केबल उच्चदाब वाहिनीला समांतर लांबवर गेली, तर प्रत्यक्ष स्पर्श नसतानाही त्या कवचात प्रवर्तनाने विजेचा दाब निर्माण होऊ शकतो. त्यामुळे अर्थिंग नीट नसेल, तर जोड उघडणाऱ्या तंत्रज्ञाला झटका बसू शकतो. म्हणून सामायिक चरात धातूविरहित केबल घ्यावी. घुशी-उंदरांपासून संरक्षण हवे असल्यास काचधाग्याचे कवच असलेली केबल मिळते. वीज केबल आणि दळणवळण केबल यांच्यात किमान 30 सेंटिमीटर अंतर असावे, असे वीज केबल टाकण्याविषयीचे भारतीय मानक 1255 सांगते. त्याच मानकानुसार लघुदाब केबल किमान 75 सेंटिमीटर, 11 केव्ही (किलोव्होल्ट) पर्यंतची 90 सेंटिमीटर आणि 22 व 33 केव्हीची 1.05 मीटर खोल असली पाहिजे. सरकारी फायबर कामांत साध्या मातीत 1.65 मीटर खोली धरली जाते आणि कातळात ती कमी करायची झाल्यास नळीवर काँक्रीटचे किंवा लोखंडी पाइपचे संरक्षण द्यावे लागते. आमच्याकडे खोली तेवढी कमी झाली, संरक्षण मात्र आलेच नाही. दोन्ही केबल एकमेकींच्या वर न ठेवता शेजारी ठेवाव्यात आणि जोडांचे चेंबर वेगळे ठेवावेत, म्हणजे फायबर जोडणाऱ्याला विजेच्या जोडाजवळ हात घालावा लागणार नाही.

वीज केबलखाली आणि वर वाळूचा थर देतात तो धारदार खड्यांनी आवरण कापू नये म्हणून. आपल्याकडे या कामाला पुळणीवरची वाळू टाकण्याचा मोह होतो, कारण ती हाताशी असते. त्या वाळूतले मीठ केबलचे पोलादी कवच आतून खाते. आवरणाला कुठे चीर असेल तर पाच-सहा पावसाळ्यांत दोष निघालाच म्हणून समजा. गोड्या पाण्याची चाळलेली वाळू किंवा बारीक कच वापरावी, वर विटांचा किंवा फरश्यांचा थर द्यावा आणि त्याच्याही वर इशाऱ्याची रंगीत पट्टी टाकावी. ही पट्टी अंदाजपत्रकात हटकून असते. चरात ती पडली की नाही हे चर उघडा असतानाच पाहावे लागते. तसेच जोडांचे. भूमिगत केबल बिघडते ती बहुतेक वेळा जोडापाशी, आणि भर पावसात छत्री धरून केलेल्या जोडात ओल राहतेच. जोडाची कामे ऑक्टोबर ते मे याच काळात उरकावीत, अशी अट निविदेत घालण्यास काय हरकत आहे? 22 जुलै 2021 रोजी चिपळूणने जे पाणी पाहिले त्यानंतर तरी फीडर पिलर आणि रिंग मेन युनिटच्या, म्हणजे भूमिगत वीज वाटून देणाऱ्या आणि वळवणाऱ्या, पेट्या पूररेषा पाहून उंच चौथऱ्यावर बसवाव्यात. केबल खाली सुरक्षित राहिली आणि पेटी बुडाली, तर भूमिगत करून मिळवले काय?

सगळेच जमिनीखाली न्या, असा आग्रह मी धरणार नाही. डोंगरातल्या पाच-सात घरांच्या वाडीपर्यंत कातळ फोडत केबल नेणे परवडणारे नाही. तिथे उघड्या तारांऐवजी आवरणयुक्त एरियल बंच केबल घ्यावी. झावळी पडली तरी ती सहसा लगेच बंद पडत नाही आणि तुटलेल्या उघड्या तारेचा धोकाही बराच कमी होतो. त्याच खांबांवरून फायबर न्यायचे तर स्वतःचा भार पेलणारी धातूविरहित केबल वीज तारांपासून ठरलेले अंतर राखून, वीज कंपनीच्या परवानगीने आणि वायरमनला खांबावर चढायला वाव ठेवून लावावी. आज खांबाखांबांवर गुंडाळ्या करून लटकणाऱ्या काळ्या वायरींत यातले काहीच दिसत नाही.

आता नकाशाविषयी, कारण खरे घोडे इथेच पेंड खाते. धातूविरहित फायबर जमिनीखाली शोधक यंत्राला सापडत नाही. सोबत शोधतार, म्हणजे यंत्राला सापडेल अशी धातूची तार, टाकलेली नसेल तर ते कुठून गेले हे सांगणारा एकमेव साक्षीदार म्हणजे नोंद. केंद्र सरकारने 22 मार्च 2023 रोजी ‘कॉल बिफोर यू डिग’ हे ॲप सुरू केले, तेव्हा समन्वयाविना होणाऱ्या खोदाईने देशाचे दरवर्षी सुमारे 3000 कोटी रुपयांचे नुकसान होते, असे सांगण्यात आले होते. पण ज्याची नोंदच नाही ती केबल ॲपला कशी दिसणार? आणि तासाच्या भाड्यावर आलेल्या जेसीबी चालकाला ॲप पाहायला सांगायचे कोणी? गावात खोदाईची पहिली खबर ग्रामपंचायतीला लागते. तेव्हा प्रत्येक चर बुजवण्यापूर्वी पुलाच्या कठड्यापासून, मंदिराच्या कोपऱ्यापासून, अशा न हलणाऱ्या खुणांपासून मोजलेली अंतरे, खोली आणि छायाचित्रे ग्रामपंचायतीकडे जमा झाल्याशिवाय ठेकेदाराचे अंतिम बिल निघू नये. नंतर काम करणाऱ्या वायरमनचा जीव या कागदावर अवलंबून असतो.

सामायिक डक्ट आणि केबल मार्गिकांची तरतूद दूरसंचार अधिनियम, 2023 मध्ये आहे आणि मार्गाधिकाराचे, म्हणजे केबल नेण्यासाठी जागा वापरण्याच्या परवानगीचे, नवे नियम 1 जानेवारी 2025 पासून लागू आहेत. म्हणजे कायद्याची अडचण नाही. अडते ते खात्याखात्यांच्या टेबलांवर. रत्नागिरी, रायगड आणि सिंधुदुर्गच्या जिल्हा नियोजन समित्यांनी पावसाळ्यानंतर सुरू होणाऱ्या भूमिगत वीज कामांची यादी सार्वजनिक बांधकाम विभाग, पाणीपुरवठा विभाग आणि फायबरच्या यंत्रणा यांच्यासमोर एकत्र ठेवावी. ज्या अंदाजपत्रकांत रिकाम्या नळीची बाब नाही, त्यांत ती कार्यादेश निघण्यापूर्वी घालावी. दर काही मीटरवर चर उघडा असताना खोली मोजण्यासाठी ग्रामपंचायतीच्या एका प्रतिनिधीला बोलावणे बंधनकारक करावे. या कामाला टेप आणि फोन यांपलीकडे काही लागत नाही.

आपला,
एक निवृत्त दूरसंचार तंत्रज्ञ
गुहागर, जि. रत्नागिरी