‘कुहू कुहू’चे चारही राग गा, संगीतकाराचे नावही घ्या

संपादक महोदय,

दादर-पार्ल्याच्या नाट्यगृहांत जुन्या हिंदी गाण्यांचा कार्यक्रम असला की ‘कुहू कुहू बोले कोयलिया’ला हमखास टाळ्या पडतात. निवेदनात लता, रफी, गीतकार भरत व्यास येतात, पी. आदिनारायण राव मात्र राहून जातात. हे तेलुगू-तमिळ चित्रपटांचे संगीतकार. तेलुगू ‘सुवर्णसुंदरी’साठी (१९५७) त्यांनी बांधलेली, घंटसाल आणि जिक्की यांनी गायलेली ही रागमालाच, म्हणजे कडव्यागणिक राग बदलणारी रचना, पुढे हिंदीत आली.

‘सोहनीतले गाणे’ अशी तिची ओळख करून देणे अपुरे आहे. सोहनी, बहार, जौनपुरी, यमन असा रागांचा क्रम आहे. वेळ कमी म्हणून मधले कडवे गाळले की ही बांधणीच मोडते.

गाणाऱ्यांची खरी परीक्षा रागांच्या सांध्यावर होते. सोहनीतून बहारमध्ये जाताना रिषभ, गंधार, मध्यम असे तीन स्वर बदलतात. बहारमधून जौनपुरीत येताना गंधार कोमलच राहतो, धैवत मात्र कोमल करावा लागतो. तो बहारचाच शुद्ध राहिला तर जौनपुरी उभाच राहत नाही. उलट सोहनीचा कोमल रिषभ गळ्यात रेंगाळला तर जौनपुरीची ‘कोमल रिषभ आसावरी’ हा वेगळाच राग होतो! सर्वांत अवघड शेवटचा सांधा. तिथे गंधार, मध्यम, धैवत, निषाद चारही बदलतात. हार्मोनियमवाल्याने आधी नि रे ग एवढे दाखवले तरी गायकाला यमन सापडतो.

तानपुऱ्याचेही तेच. इलेक्ट्रॉनिक तानपुरा सवयीने पंचमावर लावतात, पण सोहनीत पंचम वर्ज्य. शुद्ध निषादावर लावला तर सोहनी आणि यमनला चालतो, जौनपुरीत खटकतो. म्हणून या गाण्याला फक्त षड्ज ठेवावा. पट्टी ठरवतानाही मुखड्याचा तार षड्ज (वरचा सा) आधी गाऊन बघावा, कारण सोहनीचा सगळा जीव वरच्या अंगात आहे.

मराठी श्रोत्याला तर या माणसाची ओळख असायलाच हवी. तेलुगू ‘अनारकली’त (१९५५) त्यांनी आपल्या सी. रामचंद्रांच्या ‘ये जिंदगी उसी की है’ची चाल ‘जीवितमे सफलमु’साठी घेतली, पण त्याच चित्रपटातले ‘राजशेखरा’ त्यांचे स्वतःचे. तमिळमध्ये ‘अडुत्त वीट्टु पेण’ (१९६०) त्यांचाच. कऱ्हाडच्या सखूवरचा ‘सती सक्कुबाई’ (१९६५) आणि ‘भक्त तुकाराम’ (१९७३) या दोन्ही तेलुगू चित्रपटांना संगीत त्यांनी दिले. दुसऱ्यात तुकोबा झाले अक्किनेनी नागेश्वर राव, तर शिवाजी महाराज शिवाजी गणेशन. त्यातले घंटसालांच्या आवाजातले ‘घनाघनसुंदरा’ मुंबईतल्या एखाद्या आयोजकाने आषाढीच्या कार्यक्रमात जरूर ऐकवावे, आणि ऐकवताना आदिनारायण रावांचे नाव सांगावे.

– जुन्या चित्रपटसंगीताचे काही अभ्यासक, विलेपार्ले, मुंबई