समुद्रावर नक्की कोणाचा हुकूम चालतो?

स.न.वि.वि.,

संशयास्पद बोट दिसली की तुमच्या पेपरात सरसकट 'नौदलाने शोध घेतला' असं छापून येतं, पण समोर जी गस्तीची बोट असते ती बऱ्याचदा कोस्ट गार्डची नाहीतर सागरी पोलिसांची असते आणि त्यांचे साहेब पार वेगळे. पोलिसांची साखळी ठाण्यातून जिल्ह्याच्या एसपींकडे आणि वर राज्याच्या गृहखात्याकडे जाते. कोस्ट गार्ड संरक्षण मंत्रालयाखाली, त्यांचा स्टेशन कमांडर जिल्हा कमांडरला आणि तो रिजनला रिपोर्ट करतो. कस्टमवाले अर्थखात्याचे. परप्रांतीय ट्रॉलर पकडायचा तर मत्स्यव्यवसाय खातं, म्हणजे अजून एक साहेब!

२६/११ नंतर २००९ मध्ये केंद्राने सगळ्या सागरी सुरक्षेची मुख्य जबाबदारी नौदलाला दिली, १२ सागरी मैलांपर्यंतच्या किनारी सुरक्षेचं काम कोस्ट गार्डकडे, अगदी काठालगत पोलीस. मुंबईत जॉइंट ऑपरेशन सेंटर आहे, तिथे सगळ्यांची माहिती एकत्र येते. पण तिथला नौदल अधिकारी पोलीस हवालदाराला थेट हुकूम सोडू शकत नाही, समन्वयच करावा लागतो, आणि माझ्या मते घोडं अडतं ते इथेच.

आमच्या मिरकरवाडा बंदरातल्या तांडेलाला (मासेमारी बोटीच्या कप्तानाला) रात्री अनोळखी होडी दिसली तर त्याने हे सगळं पाठ करून बसायचं काय? कोस्ट गार्डचा १५५४ आणि सागरी पोलिसांचा १०९३, हे दोन नंबर मोठ्या अक्षरात प्रत्येक जेटीवर लावा आणि तुम्हीपण बातमीखाली छापत जा.

– एक वाचक, रत्नागिरी