तो म्हातारा सापडला, बाबा

तीर्थरूप बाबा आणि आईस,
शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, तो म्हातारा सापडला. त्याचं नाव नाना पळशीकर.

गिरडच्या जत्रेत, टुरिंग टॉकीजच्या तंबूत पोत्यावर बसून तुम्ही ‘दो बिघा जमीन’ पाहिलात, आणि घरी येऊन आजीला म्हणालात, “माहा बाप थेट त्या पिक्चरातल्या बुढ्यावानी दिसे.” हे मी लहानपणापासून ऐकत आले. आबाजींचा फोटोच नाही आपल्याकडे. दोन एकर गेल्याच्या खरेदीखतावरचा निळा अंगठा तेवढा आहे.

रविवारी तो सिनेमा लावला. 1953 चा, बिमल रॉय यांचा. बलराज साहनी शंभू, आणि त्याचा बाप पळशीकर. बसलेले गाल, खोल गेलेले डोळे. स्क्रीन थांबवली आणि तुमचा पासबुकावरचा फोटो मोबाईलवर काढून शेजारी धरला. बाबा, माझ्या अंगावर काटा आला. आबाजींना मी पहिल्यांदा पाहिलं.

जमीनदाराच्या कागदावर 65 रुपयांचे 235 होतात तिथं पुन्हा थांबले. आबाजींनी सावकाराकडे घातलेल्या ज्वारीचीही कुठं नोंद नव्हती ना? म्हणून तुम्ही बियाण्याची, सोसायटीची, लाइट बिलाची प्रत्येक पावती टिनाच्या पेटीत जपता. आई, पेटीत कपडे मावत नाहीत म्हणून तू चिडतेस, पण आता त्यांना बोलू नकोस.

मग मी पळशीकरांचे आणखी सिनेमे शोधले. बी. आर. चोप्रांच्या ‘कानून’मध्ये (1960) एकही गाणं नाही. त्यात ते कालिया नावाचे भुरटे चोर आहेत, न केलेल्या खुनासाठी पिंजऱ्यात उभे. त्या कामाला सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं. पुढं ख्वाजा अहमद अब्बास यांच्या ‘शहर और सपना’साठी दुसरं. मुंबईत घर मिळत नाही म्हणून पाइपात संसार मांडणाऱ्या जोडप्याची ती गोष्ट, 1963 चा सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळवलेली. दोन फिल्मफेअर घेतलेला मराठी माणूस, आणि माझ्या ऑफिसात एकालाही नाव माहीत नाही. फोटो दाखवला की मात्र सगळे म्हणतात, “अरे, यांना पाहिलंय!” मला ते फार लागलं. त्या माणसानं आपल्यासारख्यांच्या घरातला बाप इतका खरा उभा केला, की तुम्ही साठ वर्षं तो चेहरा आबाजींचा म्हणून सांभाळलात.

‘गांधी’मध्येही (1982) ते आहेत, खेडुताच्या छोट्या भूमिकेत. तो आपण टीव्हीवर पाहिला होता, सेवाग्राम आपल्या इतकं जवळ म्हणून आई पदर खोचून पुढं येऊन बसली होती. तेव्हा तुम्हीही त्यांना ओळखलं नाही. मधल्या तीस वर्षांत तेही थकले असतील.

कपाशीला डवरणी झाली का? डोळ्यात थेंब वेळेवर टाका. मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन महिना झाला, पोळ्यापर्यंत नीट दिसू लागेल. पोळ्याला येतेय, पेनड्राइव्ह आणते. तान्ह्या पोळ्याच्या रात्री, पोरं झोपली की लावू. पडद्यावर ते आले की थांबवा आणि बोट ठेवून सांगा, नाक आबाजींचं तसंच होतं का, आणि कान.

तुमची,
बेबी