व्हेरोना आणि एल्केअरला विसरू नका

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या पुरवणीत छोट्या क्लबांनी मोठ्यांना मागे टाकून लीग कशी जिंकली यावर तुम्ही पानभर लेख दिलात, खूप बरं वाटलं, कारण आमच्या कोल्हापुरात फुटबॉलवर पानभर वाचायला मिळालं की दिवस चांगला जातो. इंग्लंडमधलं 2016 चं लेस्टर आलं, जर्मनीतलं 2024 चं लेव्हरकुसेन आलं, अगदी 1998 चं कायझरस्लाउटर्न पण आलं. मी आपला वाचत वाचत खाली येतोय, म्हटलं आता 1985 ला इटलीची लीग जिंकलेलं व्हेरोना येईल, आता येईल, आणि लेख संपला. व्हेरोना नाहीच. बरं ते पण एक वेळ चाललं असतं, पण शेजारच्या चौकटीत मोक्याच्या वेळी पेनल्टी घालवणाऱ्या खेळाडूंची यादी होती आणि त्यात मात्र त्याच व्हेरोनाचा, डेन्मार्कचा प्रेबेन एल्केअर होता. दोन ओळी. पेनल्टी बारवरून गेली आणि चड्डी फाटली होती, संपला विषय. हे वाचून मला खरंच वाईट वाटलं म्हणून हे पत्र लिहायला बसलो, थोडं लांबेल, सांभाळून घ्या.

ज्या लेखात त्याचं नाव ठळक टायपात हवं होतं तिथे तो नाही, आणि ज्या यादीत तो नसता तरी चाललं असतं तिथे बरोबर आहे. त्याच्या अख्ख्या करिअरचं हेच झालंय. आपल्याकडे डेन्मार्क म्हटलं की लोकांना 1992 आठवतं, युगोस्लाव्हियाला बाहेर काढलं आणि ऐनवेळी बोलावलेल्या डेन्मार्कने युरो जिंकला ती गोष्ट. मस्तच गोष्ट आहे, पण डेन्मार्क नावाची टीम जगाला ज्यांनी दाखवली ती पोरं त्याच्या आधीची, आणि त्यांच्या हातात एकही कप आला नाही. एल्केअर त्यांच्यातला सेंटर फॉरवर्ड.

थोडं मागे जाऊ. डेन्मार्कमधे 1978 पर्यंत पगारी फुटबॉलच नव्हतं. म्हणजे चांगला खेळणारा पोरगा असला तर त्याने जर्मनी, हॉलंड, बेल्जियम कुठेतरी जायचं, घरी राहून पोट भरायचं नाही. एल्केअर कोपनहेगनच्या फ्रेडरिक्सबर्गमधला, जन्म 1957 चा, व्हानलोसे नावाच्या क्लबकडून खेळायचा, तिथून 1976 ला थेट जर्मनीत कोलोनला गेला. तिथे हेन्नेस वाइसवाइलर म्हणून फार कडक ट्रेनर होते आणि हा रात्री बाहेर फिरणारा, सिगारेट ओढणारा, तोंडावर उत्तर देणारा पोरगा. जमलं नाही. मोजक्याच मॅच मिळाल्या आणि 1978 मधे तो बेल्जियमला लोकेरनला गेला. आता लोकेरन म्हणजे काय, एक लहानसं गाव. मोठ्या क्लबातून असा गावाकडे आलेला पोरगा संपला असंच कोणीही म्हटलं असतं, पण तिथे त्याला रोज खेळायला मिळालं, सहा वर्षं राहिला, खोऱ्याने गोल केले, आणि 1981 मधे हे एवढंसं लोकेरन लीगमधे अँडरलेख्टच्या पाठोपाठ दुसरं आलं, त्याच सीझनला यूएफा कपच्या क्वार्टर फायनलपर्यंत गेलं. मला वाटतं एल्केअर खरा घडला तो इथे.

देशाच्या टीमला तेव्हा सेप पियोन्टेक हे जर्मन कोच मिळाले होते, 1979 पासून. त्याआधी डेन्मार्कची टीम म्हणजे मित्रमंडळी जमली, खेळली, मग रात्री पार्टी असा प्रकार होता असं सगळेच सांगतात. पियोन्टेकनी दंड लावले, शिस्त आणली, पण पोरांचा मोकळेपणा मारला नाही आणि म्हणूनच ती टीम बघायला इतकी गोड होती. 1983 च्या सप्टेंबरमधे वेम्बलीवर जाऊन इंग्लंडला 1-0 हरवलं, सिमोन्सेनची पेनल्टी, आणि इंग्लंड 1984 च्या युरोला घरीच राहिलं. हा युरो फ्रान्समधे होता, तिथे पहिल्याच मॅचला त्याच सिमोन्सेनचा पाय मोडला. 1977 चा बॅलन डी ओर, म्हणजे युरोपातल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान, जिंकलेला माणूस पहिल्या मॅचला बाहेर! दुसरी टीम असती तर तिथेच खचली असती. यांनी युगोस्लाव्हियाला पाच मारले, मग बेल्जियमविरुद्ध 0-2 मागे पडून 3-2 ने जिंकले आणि तो तिसरा गोल एल्केअरचा, एकटा घुसला आणि मारला.

आता ती पेनल्टी. 24 जून 1984, लिऑन, सेमीफायनल, समोर स्पेन. मॅच 1-1, एक्स्ट्रा टाइम होऊन पण 1-1, मग पेनल्टी. डेन्मार्कची पाचवी पेनल्टी एल्केअरची होती आणि ती वरून गेली, खरंय, मी नाकारत नाही. पण ज्याने 120 मिनिटं स्पेनच्या डिफेंडरांचे धक्के खाल्ले, ओढाओढीत चड्डी फाटेपर्यंत खाल्ले, तरी पाचवी पेनल्टी मी मारतो म्हणून जो पुढे आला त्याचं फक्त फाटकं कापड लक्षात ठेवायचं? चड्डी काय उभं राहून फाटते का हो? ज्याला कोणी पकडलंच नाही त्याचे कपडे शेवटपर्यंत स्वच्छ राहतात. आमच्या शाहू स्टेडियमवर पेठांच्या मॅचला बघा, शेवटच्या दहा मिनिटात ज्याचा शर्ट फाटलेला असतो त्याच्याच नावाने सगळे ओरडत असतात.

आणि गंमत बघा, पेनल्टी हुकल्यावर माणूस लपून बसतो, हा त्याच उन्हाळ्यात इटलीला गेला. तेव्हाची इटालियन लीग म्हणजे काय होती हे आजच्या पोरांना सांगून खरं वाटत नाही. युव्हेंटसमधे प्लातिनी, नापोलीत नुकताच आलेला मॅराडोना, उदिनेसेमधे झिको, फिओरेंटिनामधे सॉक्रेटीस, इंटरमधे रुमेनिगे, रोमात फाल्काओ, सगळे एकाच लीगमधे एकाच वेळी! आणि एल्केअर गेला हेल्लास व्हेरोनाला, जो क्लब 1982 पर्यंत दुसऱ्या डिव्हिजनमधे होता. कोच ओस्वाल्दो बान्योली, कमी बोलणारा माणूस. टीम कशी तर गाल्देरिसी आणि फान्ना हे दोघं युव्हेंटसमधून आलेले, गोलकीपर गारेल्ला, ज्याच्या चुकांवर लोक हसायचे आणि जो हातापेक्षा पायाने जास्त बॉल अडवायचा. त्या उन्हाळ्यात एल्केअरबरोबर जर्मनीचा ब्रीगेल आला. सीझनची पहिलीच मॅच नापोलीशी, म्हणजे मॅराडोनाची इटलीतली पहिली लीग मॅच, आणि व्हेरोनाने ती 3-1 ने जिंकली, ब्रीगेलने मॅराडोनाला धरून ठेवलं आणि वर एक गोल पण केला.

मग आली 14 ऑक्टोबर 1984. घरच्या बेन्तेगोदी स्टेडियमवर समोर युव्हेंटस. व्हेरोना 1-0 पुढे होतं. एल्केअरने डाव्या बाजूने बॉल घेतला आणि पळत सुटला, त्याचं पळणं म्हणजे दिसायला सुंदर वगैरे नाही, खांदे पुढे टाकून, बैल सुटल्यासारखं. पियोली मागून आला, हाच स्तेफानो पियोली ज्याने पुढे कोच होऊन 2022 ला मिलानला लीग जिंकून दिली. त्याने टॅकल मारला, बॉल काही मिळाला नाही, पण एल्केअरच्या उजव्या पायातला बूट निघाला. आता कोणीही काय करेल, थांबेल, रेफ्रीकडे बघेल, हात वर करेल, फाउल मागेल. हा थांबलाच नाही. तसाच आत वळला, पुढच्या माणसाला चकवलं, आणि उजव्याच पायाने, म्हणजे नुसत्या मोज्याच्या पायाने, बॉल युव्हेंटसचा गोलकीपर ताक्कोनीच्या पलीकडून आत मारला. 2-0.

हा गोल मी 1984 ला नाही बघितला, आम्हाला कुठून दिसणार, नंतर पेपरात कुठेतरी चार ओळी वाचल्या होत्या की कुणीतरी बिनबुटाचा गोल मारला म्हणून आणि ते कात्रण कितीतरी वर्षं वहीत होतं. शेवटी मुलाने मोबाइलवर यूट्यूबला शोधून दिला तेव्हा सलग सात-आठ वेळा बघितला. आम्ही लहानपणी गांधी मैदानात अनवाणीच खेळलो, कुणाकडे बूट असलेच तर ते मोठ्या भावाचे आणि पुढे कापूस कोंबलेले, त्यामुळे भिजून जड झालेला बॉल नुसत्या पायाने मारला की अंगठ्यापासून घोट्यापर्यंत काय कळ जाते ते मला माहितीय. तो गोल बघताना माझा पाय दुखला. खरं सांगतो.

त्या सीझनला 30 मॅचमधे व्हेरोना फक्त दोन हरलं. 12 मे 1985 ला बर्गामोमधे अटलांटाविरुद्ध लीग जिंकायला एक पॉइंट हवा होता, अटलांटा आधी पुढे गेलं आणि बरोबरीचा गोल कोणी केला तर एल्केअरने. 1-1. व्हेरोना चॅम्पियन, पहिल्यांदा आणि आजपर्यंत एकदाच. काही जण म्हणतात त्या वर्षी रेफ्री चिठ्ठ्या काढून ठरवायचे, मोठ्या क्लबांचं वजन चाललं नाही, म्हणून व्हेरोना जिंकलं. मला हे उलटं वाटतं, सगळ्यांना सारखा न्याय मिळाला आणि जे चांगले खेळले ते जिंकले, यात व्हेरोनाचं काय चुकलं? आणि एक गोष्ट तुमच्या लेखकांना मुद्दाम सांगा, 1985 नंतर आजपर्यंत इटलीची लीग तुरीन, मिलान, रोम, नापोली आणि जेनोवा ह्या मोठ्या शहरांच्या बाहेर कधीच गेलेली नाही. असं असताना लेस्टरच्या लेखात व्हेरोना नको?

कोणी म्हणेल त्या सीझनला लीगमधे त्याचे गोल आठच, गाल्देरिसीचे अकरा. पण आठमधला बर्गामोचा एक काढा मग बघू. आणि तो बॉल घेऊन निघाला की दोन-दोन डिफेंडर त्याच्या मागे जायचे, मग बाकीच्यांना जागा मिळायची, हे मोजणार कसं? बॅलन डी ओरला मत देणाऱ्यांना ते दिसलं होतं, 1984 ला तो तिसरा होता, 1985 ला दुसरा, पुढे फक्त प्लातिनी. व्हेरोनाचे लोक त्याला महापौर म्हणायचे, इटालियनमधे सिंदाको. बाहेरून आलेल्या खेळाडूला गावाने महापौर म्हणायचं याच्यावर अजून काय हवं.

1986 चा मेक्सिको वर्ल्ड कप मात्र आम्ही टीव्हीवर जेवढा दाखवला तेवढा बघितला, गल्लीत एक ब्लॅक अँड व्हाइट सेट, रात्री जागायचं आणि सकाळी कॉलेजमधे डुलक्या. सगळी पोरं मॅराडोनाची, मी एकटा डेन्मार्कचा. ग्रुप काय होता बघा, स्कॉटलंड, उरुग्वे आणि पश्चिम जर्मनी, तिन्ही मॅच जिंकल्या. स्कॉटलंडला 1-0, गोल एल्केअरचा. उरुग्वेला 6-1, त्यात एल्केअरचे तीन. जर्मनीला 2-0. आणि मग क्वेरेतारोला परत स्पेन. डेन्मार्क आधी पुढे होतं, येस्पर ओल्सेनची पेनल्टी, मग त्याच ओल्सेनने आपल्या बॉक्ससमोरून आडवा पास दिला तो थेट स्पेनच्या बुत्रागेन्योला, आणि सगळं कोसळलं. 5-1, एकट्या बुत्रागेन्योचे चार. डेन्मार्कमधे अजून अशी जीवघेणी चूक झाली की तिला ओल्सेनचं नाव देतात. मी दोन दिवस कुणाशी नीट बोललो नाही. तरी त्या वर्ल्ड कपच्या उत्तम खेळाडूंमधे मॅराडोना पहिला, जर्मनीचा गोलकीपर शुमाखर दुसरा आणि एल्केअर तिसरा ठरला, आणि टीम तर राउंड ऑफ 16 मधेच बाहेर गेली होती.

पुढचं फार नाही. 1988 पर्यंत व्हेरोना, मग मायदेशी व्हेइले, दुखापती, 1990 ला थांबला. देशासाठी 69 मॅच आणि 38 गोल. थोडे दिवस सिल्केबोर्गचा कोच होता, मग टीव्हीवर फुटबॉलवर बोलायला लागला. 1992 ला डेन्मार्कने कप उचलला तेव्हा तो रिटायर होऊन दोन वर्षं झाली होती.

तर माझी विनंती एवढीच की पेनल्टीच्या यादीतून त्याचं नाव काढा असं मी म्हणत नाही, हुकली ती हुकली. पण छोट्या क्लबांच्या लेखाचा पुढचा भाग काढणार असाल तर त्यात व्हेरोना घ्या, आणि फोटो द्यायचा झाला तर तो बेन्तेगोदीवरचा द्या, एका पायात बूट आणि एका पायात नुसता मोजा असलेला. आमच्या तालमीच्या पोरांना फळ्यावर लावायचाय.

आपला,
एक जुना वाचक, शिवाजी पेठ, कोल्हापूर